गजबुद्धी आणि जनबुद्धी

अंधगजन्याय हा आपल्या शास्त्रकारांचा आवडता दृष्टांत आहे. काही आंधळ्यांनी हत्ती चाचपला. ज्याच्या हाती पाय लागला त्याने हत्ती खांबासारखा असल्याचे सांगितले, ज्याच्या हाती कान लागला त्याने तो सुपासारखा असल्याची ग्वाही दिली, आणि प्रत्येकजण आपलेच म्हणणे खरे म्हणून भांडत बसला. 2025 च्या सप्टेंबर महिन्यात पेडणे तालुक्यात ह्या दृष्टांताचा प्रयोग डोळस माणसांनी करून दाखविला. चवथ होऊन जेमतेम दोन-तीन आठवडे लोटले होते. अशा वेळी सिंधुदुर्गाच्या हद्दीतून सुमारे 10 वर्षे वयाचा एक सुळेवाला हत्ती गोव्यात उतरला आणि मोपा, तांबोसे, तोरसे ह्या परिसरातील भातशेतीत, केळींत व कुळागरांत वावरू लागला. लोकांनी त्याला 'ओंकार' हे नाव दिलेलेच होते. कोणाला तो साक्षात गणराय वाटला व त्याने दुरूनच हात जोडले. ज्याचे हाताशी आलेले सरद पीक तुडविले गेले त्याला तो काळ वाटला. फोन उंच धरून बांधावर गर्दी करणाऱ्यांना तो फुकटचा तमाशा वाटला, आणि सरकारी यंत्रणेच्या लेखी तो सुतळी बाँब लावून हद्दीपलीकडे ढकलावयाचा एक विषय ठरला. हत्ती मात्र ह्यांपैकी कोणाच्याच हाती पुरता लागला नाही. पुढे तो कधी अलीकडे तर कधी पलीकडे असा सीमेवर फिरत राहिला आणि त्याला ठेवावे कोठे हा प्रश्न न्यायालयाच्या दारापर्यंत गेला.

ह्या आंधळ्यांच्या रांगेत आम्हा वृत्तपत्रवाल्यांनाही उभे करणे भाग आहे. हत्ती गावात आला की आमच्या मथळ्यांत 'धुमाकूळ', 'थैमान', 'उच्छाद' हे ठरलेले शब्द येतात. त्यांवर कडी म्हणून 'मदोन्मत्त' हे विशेषण येते. वस्तुतः माज ही वयात आलेल्या नर हत्तीच्या शरीरातील एक ठराविक अवस्था असून तीत त्याच्या गंडस्थळातून स्राव होतो. पोट भरण्यासाठी भाताचे लोंगे ओरबाडणाऱ्या कोवळ्या नराशी तिचा काही संबंध नाही. पण शब्द भारदस्त आहे, मथळ्यात शोभतो, म्हणून आम्ही तो वापरतो. त्याच अंकाच्या दुसऱ्या पानावर 'गजराजांचे आगमन' असा भक्तिपूर्ण मजकूरही आम्हीच छापतो. एकाच जनावराला एका पानावर राक्षस आणि दुसऱ्या पानावर देव करून आम्ही मोकळे होतो. मधल्या पानावर तो हत्ती म्हणून दाखविण्याचे आमचे काम मात्र तसेच राहून जाते. ही कबुली प्रथम देणे आम्हांस अगत्याचे वाटते, कारण पुढे जे लिहावयाचे आहे त्यात इतरांना दोष देण्याचा अधिकार तिच्यावाचून आम्हांला पोहोचत नाही.

प्राण्यांच्या बुद्धीविषयी विज्ञानाने जे शोधून काढले आहे ते सामान्य माणसाला कसे सांगावे, हा आजच्या लेखाचा विषय आहे. हा विषय पणजीच्या सभागृहात चहापानानंतर चघळण्याचा आहे, असे कोणी समजू नये. त्याच्याशी माणसांचे आणि जनावरांचे प्राण निगडित आहेत. 2002 मध्ये कर्नाटकातील दांडेलीच्या बाजूने हत्ती दोडामार्ग तालुक्यात उतरले. पुढे त्यांचा वावर पेडणे व डिचोली तालुक्यांच्या सीमावर्ती गावांपर्यंत पोहोचला. म्हणजे दोन दशकांहून अधिक काळ हा प्रश्न आपल्या दारात आहे. 2015 मध्ये कुडाळच्या माणगाव खोऱ्यात शिकवलेल्या हत्तींच्या साहाय्याने तीन हत्ती पकडण्यात आले, आणि त्यांतले दोन बंदिवासातच दगावले. 2025 च्या एप्रिलमध्ये दोडामार्ग तालुक्यातील मोर्ले गावात एका वृद्ध शेतकऱ्याचा हत्तीच्या हल्ल्यात बळी गेला. आणि हत्तीपुरतेच कशाला बोलावे? 2020 च्या जानेवारीत सत्तरीतील गोळावली येथे एक वाघीण व तिचे तीन बछडे विषप्रयोगाने मेले, ती घटना गोमंतकीयांच्या स्मरणातून गेलेली नाही. ह्या प्रत्येक घटनेमागे दारिद्र्य आहे, सरकारी दिरंगाई आहे, जंगलांची तोड आहे. पण त्या सर्वांच्या जोडीला एक अज्ञानही आहे. समोरचे जनावर काय जाणते, काय शिकते आणि कशाला भिते ह्याविषयीचे ते अज्ञान होय.

विज्ञान ह्याबाबत काय सांगते? हत्तीचे पहिले ज्ञानेंद्रिय डोळा नव्हे, सोंड होय. 2014 साली प्रसिद्ध झालेल्या एका जनुकीय अभ्यासानुसार आफ्रिकी हत्तीत गंधग्रहणाशी संबंधित सुमारे 2,000 जनुके आहेत; माणसात ती सुमारे 400 आहेत. आशियाई हत्तीला झाकलेल्या दोन बादल्यांपैकी कोणत्या बादलीत अधिक दाणे आहेत हे केवळ वासावरून ओळखता येते, असे 2019 मध्ये थायलंडमधील प्रयोगांत दिसून आले. आपल्याला शेत पिकल्याचे रंगावरून कळते, हत्तीला ते वाऱ्यावरून कळते. केनियातील अंबोसेली येथे 2014 साली हत्तींच्या कळपांना माणसांचे ध्वनिमुद्रित आवाज ऐकविण्यात आले. ज्या मसाई जमातीचे पुरुष पूर्वापार हत्तींवर भाले चालवीत आले त्यांचा आवाज ऐकताच कळप एकत्र गोळा होऊन मागे सरले. शेती करणाऱ्या कांबा जमातीच्या पुरुषांचा, तसेच मसाई स्त्रियांचा व मुलांचा आवाज ऐकून मात्र ते तितके बिथरले नाहीत. माणूस म्हणजे सारा एकच, असे हत्ती मानीत नाही. कोण धोक्याचा आणि कोण बिनधोक्याचा ह्याचा निवाडा तो आवाजावरून करतो. कळपातील वयस्क हत्तीण जितकी अनुभवी तितका कळपाचा निर्णय अचूक, हेही त्याच परिसरातील 2001 च्या अभ्यासाने दाखवून दिले आहे. घरातील वडीलधाऱ्या आजीचे महत्त्व आपल्याला पुस्तकातून शिकावे लागत नाही. हत्तींच्या कुळातही तीच रीत आहे.

थायलंडमध्ये 2011 साली झालेला दोराचा प्रयोग तर मोठा मौजेचा आहे. एका फळीवर खाद्य ठेवले होते आणि तिच्याभोवतून नेलेल्या एकाच दोराची दोन टोके दोन हत्तींपुढे होती. एकट्याने ओढले तर दोर निसटून येई, दोघांनी मिळून ओढले तरच फळी पुढे सरके. हत्ती जोडीदाराची वाट पाहण्यास शिकले. एका तरुण हत्तिणीने तर निराळीच युक्ती काढली. आपल्या बाजूचे टोक तिने पायाखाली दाबून धरले आणि ओढण्याचे कष्ट जोडीदाराला करू दिले! सामुदायिक कामात अंग चोरणारे महाभाग केवळ आपल्याच गावात असतात, ह्या समजुतीला त्यामुळे धक्का बसावा. त्याच वर्षी वॉशिंग्टनच्या प्राणिसंग्रहालयातील कंदुला नावाच्या तरुण आशियाई हत्तीने उंच टांगलेली फांदी गाठण्यासाठी एक मोठा ठोकळा ढकलीत आणला व त्यावर पाय ठेवून खाद्य काढले, अशी नोंद आहे.

हे सर्व वाचून वाचकांच्या मनात कौतुक दाटून येईल, आणि खरी अडचण येथूनच सुरू होते. कौतुक हे ज्ञानाचे दार आहे खरे, पण पुष्कळ लोक दारातच मुक्काम ठोकतात. न्यूयॉर्कच्या प्राणिसंग्रहालयातील हत्तिणीने आरशात स्वतःला ओळखले, ही 2006 मधील बातमी जगभर गाजली. 'हत्तीला आत्मभान आहे' असे मथळे झळकले. पण परीक्षेला बसविलेल्या हत्तिणी तीन होत्या आणि कपाळावरील खूण आरशात पाहून तिला सोंड लावणारी एकच होती, हे त्या मथळ्यांखाली दबून गेले. हत्तीच्या मेंदूत 25,700 कोटी चेतापेशी आहेत, माणसाच्या मेंदूत 8,600 कोटी. म्हणजे हत्ती माणसाच्या तिप्पट हुशार, असा हिशेब कोणी मांडू शकेल. परंतु ज्या 2014 च्या मोजणीतून हा आकडा आला तिनेच असेही सांगितले की, हत्तीच्या त्या पेशींपैकी सुमारे 98 टक्के लहान मेंदूत असतात, आणि विचारांशी निगडित अशा मोठ्या मेंदूच्या बाह्यकात 560 कोटीच असतात; माणसात तेथे 1,600 कोटी आहेत. हत्ती एकमेकांना नावाने हाका मारतात, असे 2024 मध्ये सर्वत्र छापून आले. मूळ अभ्यासात संगणकाला हाकेवरून ती कोणासाठी आहे हे 27.5 टक्के वेळा अचूक ओळखता आले. निव्वळ अंदाजाने हे प्रमाण 8 टक्क्यांच्या आसपास राहिले असते. हा शोध खरोखरच महत्त्वाचा आहे. पण 'पुरावा मिळाला' आणि 'सिद्ध झाले' ह्यांत जे अंतर आहे ते वाचकाला सांगणे हे लिहिणाऱ्याचे कर्तव्य आहे. वाचकाला ते अंतर समजत नाही, असे मानणे हा वाचकाचा अपमान होय.

ह्या बाबतीत सावधगिरी शिकविणारी एक जुनी गोष्ट आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी बर्लिनमध्ये हान्स नावाचा एक घोडा गणिते सोडवीत असे. त्याला बेरीज विचारली की तो टापांनी उत्तर देई. 1904 मध्ये एका समितीने तपासणी करून ह्यात लबाडी नसल्याचा निर्वाळाही दिला. नंतर ओस्कार फुंग्स्ट ह्या मानसशास्त्रज्ञाने चिकाटीने तपास केला तेव्हा उघड झाले की, प्रश्न विचारणाऱ्याला स्वतःला उत्तर ठाऊक नसेल तर घोड्यालाही ते येत नसे. टापांची संख्या उत्तरापर्यंत पोहोचली की विचारणाऱ्याच्या मानेत व चेहऱ्यावर नकळत सूक्ष्म हालचाल होई आणि ती पाहून हान्स थांबे. घोड्याला गणित येत नव्हते, माणूस वाचता येत होता! आमच्या मते ही बुद्धी काही कमी प्रतीची नव्हे. पण लोकांनी आपल्या डोक्यातील बुद्धी घोड्याच्या डोक्यात शोधली आणि घोड्याची खरी बुद्धी त्यांच्या नजरेतून सुटली.

दुसऱ्या टोकाचाही दोष आहे. प्राण्याला मन आहे असे म्हणणे हाच जणू अपराध, अशी विसाव्या शतकातील बऱ्याच शास्त्रज्ञांची वृत्ती होती. 1960 पासून गोंबेच्या जंगलात चिंपांझींचा अभ्यास करणाऱ्या जेन गुडाल ह्यांनी त्यांना क्रमांकाऐवजी नावे दिली म्हणून त्यांना विद्वानांची बोलणी खावी लागली. पुढे फ्रान्स द वाल ह्यांच्यासारख्या शास्त्रज्ञांनी बजाविले की, प्राण्यावर माणूसपण लादणे जितके चुकीचे तितकेच त्याच्यातील आपल्याशी जुळणारे गुण नाकारणेही चुकीचे. 'ओंकार' हे नाव ठेवण्यात त्यामुळे काही वावगे झाले असे आम्ही मानीत नाही. नाव ठेवल्याने एक जनावर दुसऱ्यापासून वेगळे ओळखता येते व त्याच्या सवयी ध्यानात ठेवता येतात. मात्र नाव ठेवले म्हणजे तो आपल्या गोठ्यातला झाला, त्याच्या जवळ जाऊन केळे भरविता येईल, असे समजणे जिवावर बेतेल.

कोणी म्हणेल, आमच्या पूर्वजांना हे सर्व ठाऊक होते. काही अंशी ते खरे आहे. पालकाप्याच्या नावावरील 'हस्त्यायुर्वेद', कौटिल्याच्या अर्थशास्त्रातील हस्तिवनांची व्यवस्था, कल्याणीच्या चालुक्य सोमेश्वराचा बाराव्या शतकातील 'मानसोल्लास' ह्या ग्रंथांमागे हत्तीचे पिढ्यान्‌पिढ्यांचे निरीक्षण आहे. पण परंपरेने आपल्याकडे आलेले सर्वच ज्ञान एका मापाने मोजता येत नाही. दोन साधी उदाहरणे घेऊ. कावळा माणूस ओळखतो आणि वाईट वागणूक विसरत नाही, असे आपली वडीलधारी मंडळी सांगत. अमेरिकेतील सिॲटल येथे संशोधकांनी विशिष्ट मुखवटा घालून कावळे पकडले व सोडून दिले. त्यानंतर कित्येक वर्षे तोच मुखवटा दिसला की तेथील कावळे कलकलाट करीत अंगावर येत. पिंडाला कावळा शिवणे हा श्रद्धेचा विषय आहे, त्यात विज्ञानाने पडण्याचे कारण नाही. पण कावळ्याच्या स्मरणशक्तीविषयी आजी बरोबर होती. उलट, नाग डूख धरतो आणि मारणाऱ्याचा माग काढीत घरापर्यंत येतो, ही समजूतही त्याच आजीची. तिला काडीचाही आधार नाही. माणसाची ओळख पटवून सूड उगविण्याइतका सर्पाचा मेंदूच नसतो. तरीही 'अर्धवट सोडला तर डूख धरील' म्हणून आपल्या वाड्यावाड्यांवर आजही दिसेल तो साप ठेचला जातो, आणि ठेचायला गेलेला माणूसच बहुधा दंश करून घेतो. म्हणजे एकच परंपरा, एक समज खरी, दुसरी खोटी. विज्ञानाचे काम चाळणीचे आहे. त्याने आजीला अडाणी ठरवू नये आणि आजीच्या प्रेमापोटी चाळणीही बाजूला ठेवू नये.

आता तांबोशाच्या शेतकऱ्याकडे वळू. त्याला हे सारे ऐकून करावयाचे काय? त्याच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे सत्य एकच आहे: हत्ती शिकतो. पहिल्या रात्री फटाक्याच्या आवाजाने तो पळतो. दहाव्या रात्री, आवाजानंतर काहीच घडत नाही हे त्याच्या ध्यानात येते. कुंपणातून वीज जाते हे कळल्यावर झाड पाडून वा विजेचा धक्का न बसणाऱ्या सुळ्यांनी तार तोडून हत्ती आत शिरल्याची उदाहरणे अनेक देशांत नोंदलेली आहेत. म्हणजे आपण हत्तीला हाकलीत असतो तेव्हा त्याच वेळी आपण त्याची शाळाही घेत असतो. आज एका गावाने पूर्वेला पिटाळला, उद्या दुसऱ्याने पश्चिमेला, एका राज्याने दुसऱ्या राज्यात ढकलला, परवा दुसऱ्याने परत केला. ह्या पाठांतून तो एवढेच शिकतो की माणूस हा सतत त्रास देणारा पण फारसा भिण्याजोगा नसलेला प्राणी आहे. हत्ती आणि माणूस दोघांच्याही दृष्टीने ह्याहून धोक्याचा धडा दुसरा नाही.

दुसरे सत्य वयाचे. 10 ते 15 वर्षांच्या दरम्यान नर हत्तीने जन्माच्या कळपापासून दूर होणे हा निसर्गक्रम आहे. असा तरुण नर नवा मुलूख धुंडाळतो आणि धाडस करतो. दक्षिण भारतातील 2019 च्या एका अभ्यासात असे आढळले की, शेतीने वेढलेल्या प्रदेशात असे नर एकेकटे राहण्याऐवजी टोळी करून राहू लागले आहेत. जोखमीच्या मुलुखात जगण्याची ही त्यांची नवी रीत आहे. तेव्हा पेडण्यात आलेला नर 'चुकून वाट हरवलेला' नव्हता आणि 'सूड घ्यावयास आलेला'ही नव्हता. दिवसाला सुमारे 150 किलो चारा लागणारा, वयात येऊ घातलेला एक नर, तिलारीच्या खोऱ्यातून खाली उतरताना वाऱ्यावर आलेल्या भाताच्या वासाचा माग काढीत होता. जेथे एके काळी अखंड रान होते तेथे आता धरण, कालवे, रबराच्या बागा, डिचोलीच्या बाजूस खाणींचे खंदक आणि मोपाच्या सड्यावर विमानतळ आहे. त्याच्या डोक्यातील नकाशा आणि आपल्या मामलेदार कचेरीतील नकाशा जुळत नाहीत, एवढाच त्याचा गुन्हा.

येथे एक आक्षेप येईल, आणि तो रास्त आहे. 'हत्ती शहाणा आहे, हे तुम्ही शहरात बसून सांगता. माझे भात गेले त्याचे काय?' ज्याच्या घरची वर्षाची बेगमी एका रात्रीत चिखलात गेली त्याला आरशातील हत्तिणीची कथा सांगणे ही क्रूर थट्टा होईल. बुद्धिमत्ता म्हणजे सज्जनपणाचा दाखला नव्हे, आणि हत्ती बुद्धिमान आहे म्हणून शेतकऱ्याचे नुकसान एका दाण्यानेही कमी होत नाही. 2016 च्या फेब्रुवारीत राज्यात माकडे व रानडुकरे यांच्या जोडीला राष्ट्रीय पक्षी असलेल्या मोरालाही उपद्रवी ठरविण्याची भाषा झाली, तेव्हा देशभर हसू झाले. पण त्या भाषेमागे काजू, केळी आणि भाजी गमावणाऱ्या बागायतदाराचा जो वैताग होता त्याची दखल हसणाऱ्यांनी घेतली नाही. म्हणूनच आमचे स्पष्ट मत आहे की, पंचनामा काही दिवसांत आणि भरपाई त्याच हंगामात हातात पडली पाहिजे. ज्ञानाचा उपदेश त्यानंतर. भरपाई मिळालेला शेतकरी ऐकून घेतो; न मिळालेल्याला कान नसतात, आणि ते नसावेत हेच योग्य.

पण भरपाई मिळाली म्हणजे ज्ञानाची गरज संपली असेही नव्हे. हत्तीच्या हल्ल्यात गेलेला जीव कोणत्याही रकमेने परत येत नाही. पहाटे काळोखात शेतावर निघालेल्या माणसाला हत्ती कोठे आहे हे आधी कळले असते तर तो घरीच थांबला असता. तमिळनाडूतील वाल्पराई ह्या चहामळ्यांच्या मुलुखाने हेच ओळखले. तेथे अभ्यासकांनी लोकांना प्रथम हत्तीवर व्याख्याने दिली नाहीत. आज रात्री हत्ती कोठे आहेत ते सांगितले. दूरचित्रवाणीच्या पडद्यावर खालून सरकणारी ओळ, भ्रमणध्वनीवर संदेश, आणि वळणावळणावर स्थानिक लोकांनीच फोन करून पेटवावयाचे लाल दिवे, एवढ्या साध्या साधनांनी तेथील मनुष्यहानी घटली. माणूस आणि हत्ती अचानक समोरासमोर येणे टळले की निम्मे भांडण मिटते. पेडणे आणि डिचोलीत प्रत्येक घरात फोन आहे, आणि हत्ती पाहावयास गर्दी जमविणारा संदेश पाच मिनिटांत तालुकाभर पोहोचतो. तोच मार्ग गर्दी टाळणारा संदेश का पोहोचवू शकत नाही?

ज्ञान सांगण्याच्या रीतीविषयीही आमच्या काही सूचना आहेत. पहिली भाषेची. वनखात्याची पत्रके लोकांना कळेल अशा मराठीत आणि कोकणीत असावीत. 'मानव-वन्यजीव संघर्ष शमन उपाययोजना' असल्या शब्दांनी हत्तीही पळणार नाही आणि माणूसही थांबणार नाही. रानाची मराठी कशी असावी हे मारुती चितमपल्ली ह्यांनी आयुष्यभर लिहून दाखविले. 2025 च्या जूनमध्ये ते गेले, पण त्यांचा कित्ता आपल्यापुढे आहे. दुसरी सूचना जागेची. ज्ञान ग्रामसभेत, देवळाच्या सभामंडपात, शाळेत आणि दशावताराच्या रंगमंचाशेजारी जावे. ज्या नाटकाचा आरंभच गणपतीच्या प्रवेशाने होतो ते पाहावयास रात्रभर बसणारा पेडणेकर हत्तीविषयी दहा मिनिटे ऐकून घेणार नाही, असे आम्ही मानीत नाही. तिसरी सूचना सर्वांत महत्त्वाची: ज्ञानाची वाहतूक एकाच दिशेने होऊ नये. कोणत्या वाटेने हत्ती आला, कोणत्या आवाजाने थबकला, कोणते पीक त्याने सोडून दिले, हे रात्रभर मांगरात जागणाऱ्या राखण्याला ठाऊक असते. त्याच्या निरीक्षणाची नोंदवही ठेवली तर तीच खरी प्रयोगशाळा होईल. मराठी विज्ञान परिषद 1966 पासून विज्ञान मराठीतून सांगत आली आहे. आता विज्ञानाने मराठीतून ऐकूनही घ्यावे.

आणि सांगताना खरे तेवढेच सांगावे. उत्तर बंगालच्या चहामळ्यांत हत्तींनी मेलेली पिल्ले चरांत पुरल्याच्या पाच नोंदी 2024 मध्ये प्रसिद्ध झाल्या. त्यांतून हत्ती अंत्यसंस्कार करतात असा निष्कर्ष काढण्याचा मोह कोणालाही होईल. पाच नोंदींवरून एवढेच म्हणता येते की, मृत पिल्लाला कळप सहजी सोडून जात नाही. आम्हांला विचाराल तर एवढेही पुष्कळ आहे. त्याला अधिक सजविण्याची गरज नाही. 2025 च्या जुलैत नांदणी मठाची माधुरी हत्तीण न्यायालयाच्या आदेशाने जामनगरच्या वनतारात गेली तेव्हा कोल्हापूरकर हजारोंनी रस्त्यावर उतरले. त्या गदारोळात भक्तीची चर्चा झाली, हक्काची झाली, राजकारणाची झाली. हत्तीण हा आयांच्या, मावश्यांच्या आणि बहिणींच्या कळपात आयुष्य काढणारा जीव आहे, एकटेपणा तिला कसा सोसतो, हा साधा प्रश्न मात्र मागेच राहिला. प्रेमाची आपल्याकडे वाण नाही; त्या प्रेमाला माहितीची जोड नाही.

पेडण्याच्या श्री भगवतीच्या देवळासमोर दोन मोठे दगडी हत्ती उभे आहेत. पिढ्यान्‌पिढ्या मुले त्यांच्याकडे पाहत मोठी झाली, आणि दसऱ्याला व पुनवेला जमणारा लोकसागर त्यांना पाहूनच आत जातो. ते हत्ती हलत नाहीत, खात नाहीत, शिकत नाहीत. त्यांना हात जोडले की आपले कर्तव्य संपते. सीमेवरचा हत्ती जिवंत आहे. तो आपल्याला ऐकतो, हुंगतो, लक्षात ठेवतो, आणि आपण त्याच्याशी जसे वागू त्यावरून आपल्याविषयीचे मत बनवतो. भात पुन्हा पिकेल, वारा पुन्हा तिलारीच्या दिशेने वास नेईल, आणि कोणी ना कोणी ओंकार पुन्हा खाली उतरेल. त्या रात्री आपल्या हाती केवळ सुतळी बाँब आणि फोन असणार की त्याच्याविषयीचे चार खरे शब्दही असणार, हे पावसाळ्यापूर्वी ठरावयास हवे. वनखात्याने, पंचायतींनी, शाळांनी आणि आम्ही वृत्तपत्रांनी ते मिळून ठरवावे. हत्तीने आपल्याविषयी जेवढे शिकून घेतले आहे तेवढे तरी आपण त्याच्याविषयी शिकावे, ही अपेक्षा काही फार मोठी नाही.